आणि आम्ही सुखरूप बाहेर पडलो!

मैत्रिणींनो, 'माझी पहिली पुरणपोळी' किंवा 'मी स्कूटर शिकते' असे काही मी लिहिले असते तर तुम्ही कौतुकाने वाचले असते. पण आज मी लिहिणार आहे ते एका बंदुकांच्या खेळाबद्दल, आणि तोही कॉम्प्युटरवरच्या! "हिला काय घरात कामं नाहीत?" असे तुमच्या मनात आलेच असेल. कामे आहेत हो! स्वयंपाक, धुणी, सासूबाईंचे पथ्य, मुलीचा अभ्यास, शिवाय सकाळच्या शाळेत अर्धवेळ नोकरी. तरीसुद्धा गेल्या जानेवारीत पंधरा-सोळा रात्री मी मागच्या खोलीत बसून, एका उद्ध्वस्त शहरातून एक पेटी बाहेर काढायला मदत करीत होते. का, ते सांगते.

आमचा धाकटा दीर बाळू. मी लग्न होऊन आले तेव्हा तो चौथीत होता. त्याचे पाढे मीच पाठ करून घेतले. त्यामुळे 'भाऊजी' आणि 'अहो-जाहो' आमच्यात कधी आलेच नाही. पुढे तो इंजिनियर झाला, पुण्याला एका कंपनीत लागला. दिवाळीला म्हणून घरी आला तो परत गेलाच नाही. "आता घरूनच काम करायचं आहे," म्हणाला. हल्ली तशी पद्धत आहेच, म्हणून कोणी खोदून विचारले नाही. दुपारी त्याची 'मीटिंग' असे. तो दार लावून घ्यायचा आणि सासूबाई त्याचे ताट झाकून ठेवायच्या. रात्री मात्र दोन-दोन वाजेपर्यंत त्याच्या दाराच्या फटीतून उजेड दिसे.

एके रात्री मी घटक चाचणीचे पेपर तपासत बसले होते. घर सामसूम. इतक्यात मागच्या खोलीतून आवाज आला, "मेलो!"

माझ्या छातीत धस्स झाले. पेपर तसेच टाकून धावले. पाहते तो बाळू खुर्चीत डोके धरून बसलेला, कानाला हेडफोन, समोर काळा पडदा.

"काय रे झालं?"

"काही नाही वहिनी. आज चौथ्यांदा मेलो."

लाइटबिलावरून चार शब्द सुनावावेत असे कितीतरी दिवस मनात होते. तोंड उघडलेही होते. पण त्याच्या चेहऱ्याकडे पाहिले आणि शब्द आतच राहिले. नापास झाल्याचे घरी कसे सांगावे म्हणून शाळेच्या पायरीवर बसून राहणाऱ्या मुलाचा चेहरा असतो ना, तसा तो दिसत होता. मी स्टूल ओढले आणि म्हटले, "दाखव तरी, कशात मरतोस ते."

खेळाचे नाव 'एस्केप फ्रॉम टार्कोव्ह'. रशियातल्या सेंट पीटर्सबर्गच्या 'बॅटलस्टेट गेम्स' ह्या कंपनीचा. 2017 साली तो चाचणी स्वरूपात सुरू झाला आणि पूर्ण स्वरूपात आला 2025 च्या नोव्हेंबरात. टार्कोव्ह हे वायव्य रशियातले काल्पनिक शहर. लढाईने उजाड झालेले, रस्ते बंद. त्यात आपण शिरायचे, हवे ते शोधायचे आणि वेळ संपायच्या आत नेमून दिलेल्या वाटेने बाहेर पडायचे. समोरून येणारी माणसे काही कॉम्प्युटर चालवतो, तर काही आपल्यासारखीच कुठे कुठे घरात बसलेली खरी माणसे. डोक्यावर कुणाच्या नाव नाही, कोपऱ्यात नकाशा नाही, बाण नाही. मेलात की अंगावरची बंदूक, पिशवी, सगळे गेले!

आणि मरणेही साधे नाही बरे का! शरीराचे सात भाग, सगळे मिळून 440 गुण. डोक्याला फक्त 35. पाय मोडला तर लंगडायचे, रक्त वाहिले तर पट्टी बांधायची, वर तहान-भूक आहेच. मी म्हटले, "अरे, हा खेळ आहे की संसार?"

तेवढ्यात त्याने त्याचे कोठार दाखवले आणि मला हसूच आवरेना. बंदुकांच्या शेजारी काय, तर साबण, टूथपेस्ट, काड्यापेट्या, मीठ, आटवलेल्या दुधाचे डबे! हे सगळे तो जिवावर उदार होऊन गोळा करीत होता. सगळे सामान चौकोनी खणांत बसवायचे असते. काही वस्तू एका खणाच्या, काही लांबट, काही ऐसपैस. बाळूने नुसते कोंबून ठेवले होते आणि वर म्हणतो कसा, "जागा नाही." ज्या बाईने सात माणसांचे सामान दोन ट्रंकांत बसवून लग्नघरी नेले आहे, तिच्यापुढे हे बोलावे का त्याने? अर्ध्या तासात मी त्याला बंदुका आडव्याच्या उभ्या करायला लावल्या, औषधे एकीकडे, गोळ्या दुसरीकडे. जवळजवळ चौथाई कोठार मोकळे झाले. कितीतरी दिवसांनी तो हसला.

एक गोष्ट मला फार आवडली. प्रत्येकाजवळ एक सुरक्षित डबी असते. बाळूची चार खणांची होती. मेलात तरी त्या डबीतले जात नाही. एस.टी.च्या गर्दीत आपण पैसे पोलक्यात ठेवतो ना, तसेच!

आता त्याचे घोडे अडले होते कुठे, ते सांगते. त्या खेळात प्रापोर नावाचा एक फौजी कोठारवाला आहे. तो कामे सांगतो. त्यातले हे काम म्हणजे 'डिलिव्हरी फ्रॉम द पास्ट', मागल्या काळातले राहिलेले टपाल म्हणा. 'कस्टम्स' नावाच्या गोदामांच्या भागात एक मोठी लाल इमारत आहे. तिथल्या संचालकाच्या बंद खोलीतून कागदपत्रांची पेटी काढायची. ती घेऊन जिवंत बाहेर पडायचे. मग ती दुसऱ्या ठिकाणी, एका कारखान्यात, ठरलेल्या खोलीत लपवायची आणि तिथूनही जिवंत बाहेर पडायचे. पेटी हातात असताना कस्टम्समध्ये मेलात की पुन्हा पहिल्यापासून. त्या खोलीची किल्लीच मुळी त्याला किती दिवसांनी एका टांगलेल्या जाकिटाच्या खिशात सापडली होती. ती मात्र त्याने डबीत जपून ठेवली होती.

दुसऱ्या दिवशीपासून मी पेपर घेऊन त्याच्याच खोलीत बसू लागले. लाल पेनने एक उत्तर तपासायचे, मान वर करून पाहायचे. चार-पाच रात्रींत माझ्या लक्षात आले की पेटी मिळवण्यात तो चुकतच नव्हता. चुकत होता तो परत येताना. पेटी मिळाली की वाटेत कुणाची पडलेली पिशवी दिसे. "एवढं बघून निघतो, वहिनी," म्हणून तो वाकायचा, आणि धाड! एकदा नाही, तीनदा.

"अरे, पेटी आणायला गेलास ना? मग पिशवीशी तुला काय करायचंय?"

"नुसती पेटी घेऊन आलो तर बाकी हात रिकामेच की."

त्याचे हे वाक्य मला तेव्हा नुसते हावरेपणाचे वाटले.

एकदा त्याने मलाही खेळवले. 'स्कॅव्ह' म्हणून एक प्रकार असतो. खेळच आपल्याला कुणाचे तरी फाटके कपडे आणि बंदूक देतो. मेलो तरी आपले काही जात नाही. हेडफोन घातले आणि अग बाई! गवतावरची पावले वेगळी, पत्र्यावरची वेगळी, फुटक्या काचेवरची वेगळी. दार कसे उघडायचे ते शोधेपर्यंत मागे कुणाची तरी चाहूल लागली. माझे हात गार पडले. दोन मिनिटांत मी मेले. रात्री झोपले तरी कानात ती पावले होती. "त्यात एवढं काय?" असे मी बाळूला त्यानंतर पुन्हा म्हटले नाही.

मग आली ती रात्र. पेटी मिळाली होती. पिशव्यांकडे न पाहता तो निघाला होता. बाहेर पडायची जागा समोर दिसत होती, आणि कोपऱ्यावरची डीपी उडाली! सगळी आळी अंधारात. इन्व्हर्टरवर आमच्याकडे पंखे नि दिवे आहेत, तेही फक्त पुढच्या खोल्यांत.

"चल, सुटलास. आता झोप," मी म्हटले.

"वहिनी, तो तिथे तसाच उभा असेल," अंधारातून बाळूचा आवाज आला. "खेळ थांबत नाही. मी नसलो तरी तो उभाच आहे. कुणीही येऊन मारेल."

मी मेणबत्ती आणायला उठणार, तोच तो म्हणाला, "वहिनी, बस जरा. मला कामावरून काढलंय. सप्टेंबरात."

उजेड असता तर तो बोलला नसता असे मला आजही वाटते.

एकाच दिवशी पुष्कळ जणांना काढले होते. दीड महिना त्याने पुण्यात राहून दुसरीकडे खटपट केली. भाडे परवडेना, तेव्हा दिवाळीचे निमित्त करून तो आला. आणि आईला दर महिन्याला पाच हजार देतोस ते? "साठवलेले होते. अजून दोन महिने पुरतील." दुपारच्या त्या मीटिंगा? "कसल्या मीटिंगा! आईसमोर जेवायला बसलं की ती कामाचं विचारते. म्हणून दार लावून घेतो."

मला रडू आवरेना. तो चार महिने एकटा हे ओझे घेऊन बसला होता, आणि मी लाइटबिल मोजत होते! "सांगितलं का नाहीस रे?" एवढेच मी विचारले.

"रिकाम्या हातांनी परत आलो, हे कसं सांगायचं?"

तेव्हा ते पिशव्यांचे कोडे मला उलगडले. मी म्हटले, "एक सांग. तुझ्या ह्या खेळात कुणी काहीही न घेता, नुसताच जिवंत बाहेर पडला, तर त्याला काय म्हणतात? मेला म्हणतात?"

तो बराच वेळ गप्प. मग म्हणाला, "नाही. 'सर्व्हाइव्ह्ड' म्हणतात."

"म्हणजे सुखरूप आलाच ना? मग झालं तर!"

लाइट आली तेव्हा तो पडद्यावरचा गडी अर्थातच मेलेला होता.

ह्यांच्या कानावर मी दुसऱ्याच दिवशी घातले. नवऱ्यापासून लपवणे मला जमत नाही. ते थोडा वेळ शांत बसले. मग म्हणाले, "त्याचं त्यालाच आईला सांगू दे. आपण घाई करायची नाही. पण पाच हजार मात्र त्याच्याकडून घेऊ नकोस. मी देतो ते त्याच्या नावाने." सासूबाईंना कधी सांगायचे ह्यावर बाळूने मुदत मागितली. "एवढी पेटी पोचवतो, मग सांगतो," म्हणाला. वेडेपणाच म्हणायचा! पण काही वेळा माणसाला एखादी तरी गोष्ट तडीस न्यावीशी वाटते, आणि ती कुठली हे त्याचे त्यालाच कळते. मी म्हटले, "ठीक आहे. पण आता माझ्या पद्धतीने."

माझी पद्धत म्हणजे काय? बाजाराला जायची. पहिले, यादीत आहे तेवढेच आणायचे. वाटेत काय पडले आहे ते पाहायचेसुद्धा नाही. दुसरे, बाजार उठताना जायचे. बाळू सगळ्यांसारखा सुरुवातीलाच लाल इमारतीकडे धावत सुटे, आणि तिथेच झुंबड उडे. मी विचारले, "ती पेटी दुसरं कुणी आधी नेईल का?" तर म्हणे नाही, हे काम ज्याच्याकडे आहे त्याची पेटी त्यालाच दिसते. "मग घाई कशाला? गर्दी ओसरू दे की!" शिवाय आपण कुठल्या टोकाला उतरतो त्यावर बाहेर पडायची वाट ठरते. लांबच्या टोकाला उतरलो तर बाहेरची वाट त्या लाल इमारतीच्या बाजूला मिळते. म्हणजे चालणे आधी आणि घर जवळ. तिसरे, तो डोळ्यांनी पाहील आणि मी कानांनी ऐकेन. मुलीच्या शाळेसाठी घेतलेले हेडफोन मी लावले.

तरी दोनदा आपटलो. तिसऱ्या रात्री आम्ही लांबच्या टोकाला उतरलो. पहिली पंधरा मिनिटे एका झुडपात नुसते बसून काढली. लांबून गोळ्यांचे आवाज येत होते, हळूहळू तेही थांबले. मग सावकाश निघालो. वाटेत एक मोठीशी पिशवी पडली होती. बाळूची मान तिकडे वळली. मी नुसते "हं!" म्हटले. लाल इमारत, जिना, किल्ली, खोली, पेटी. आणि आल्या पावली बाहेर. वेळ संपत आली होती. शेवटच्या वळणावर पायाला गोळी लागली, तो लंगडत लंगडत पोचला. पडद्यावर बाहेर पडायचे सेकंद मोजले जात होते तेव्हा मी मनातल्या मनात भीमरूपी म्हणत होते, हे तुम्हाला म्हणून सांगते!

"आता कारखाना उद्या," मी म्हटले. पण तो कुठला ऐकतोय!

कारखाना म्हणजे अगदी लहान जागा. उतरल्या उतरल्या कुणी ना कुणी गाठतेच. बाळू खोलीकडे जायला निघाला, तोच मी त्याचा दंड धरला.

"थांब. वर कुणी आहे. लोखंडी जिन्यावर."

"मला नाही काही ऐकू आलं."

"दूध उतू जायच्या आधी आवाज येतो, तो तुम्हा पुरुषांना कधी ऐकू आलाय? थांब म्हणते ना!"

आम्ही दोघेही श्वास धरून बसलो. मिनिटभराने खरोखरच एक शिपाई जिना उतरून आमच्या पुढ्यातून गेला. पाठ आमच्याकडे होती. बाळूने बंदूक उचलली. मग माझ्याकडे पाहिले आणि खाली केली. गेला बिचारा आपल्या वाटेने. कुठल्या देशात, कुणाच्या घरात बसला होता देव जाणे. त्याचीही कोणी वाट पाहत असेल.

पेटी ठेवायला काही सेकंद लागतात. तेवढ्यात माझ्या कपाळावर घाम आला. मग गेट क्रमांक 3 कडे धाव, पुन्हा ते सेकंद मोजणे, आणि पडद्यावर ते अक्षर, 'सर्व्हाइव्ह्ड'! आम्ही ओरडलो नाही, सासूबाई शेजारच्या खोलीत झोपल्या होत्या. बाळूने हेडफोन काढून टेबलावर ठेवले आणि दोन्ही हातांनी तोंड झाकून बसला. मी रवा भाजायला घेतला. रात्री एक वाजता आम्ही शिरा खाल्ला.

दुसऱ्या दिवशी दुपारी बाराला तो आपणहून स्वयंपाकघरात आला आणि आईसमोर पाटावर बसला. सगळे सांगितले. माझे हात भाकरी थापत होते, पण कान तिकडे. सासूबाईंनी सारे ऐकून घेतले. मला वाटले, आता रडारड होणार. पण त्या एवढेच म्हणाल्या, "म्हणजे दुपारी मीटिंग नसते ना? मग ऊन ऊन जेवत जा की. रोज गार भात कशाला खातोस?" आणि त्यांनी ताट वाढले. रात्री मात्र देवापुढे नेहमीपेक्षा बराच वेळ बसल्या.

गोष्ट इथे संपली आणि त्याला लगेच मोठी नोकरी लागली असे लिहायला मला आवडले असते. पण तसे झालेले नाही. तो अर्ज करतो आहे, मुलाखती देतो आहे. दोन ठिकाणी नकार आला, तो त्याने जेवताना सगळ्यांसमोर सांगितला. संध्याकाळी अकरावी-बारावीच्या मुलांना कॉम्प्युटर शिकवतो, त्यातून त्याचा खर्च निघतो. खेळ शनिवारी रात्री, साडेअकरापर्यंत. कोठार लावायला अजूनही मला हाक मारतो.

हा खेळ चांगला, तुम्ही घरात आणा, असे मी मुळीच म्हणणार नाही. त्यात रक्तपात आहे, लहान मुलांचा तर तो नव्हेच. माझ्या मुलीला त्या खोलीत तेव्हा येऊ देत नसे. पण तुमच्या घरातही एखादे दार रात्री बंद असेल आणि फटीतून उजेड येत असेल, तर बिलाचा विषय काढण्याआधी एकदा स्टूल ओढून शेजारी बसा. काही कळले नाही तरी चालेल. हातात पेपर घ्या, लसूण सोलायला घ्या. बोलणे कधी निघेल ते सांगता येत नाही. आमच्याकडे ते निघायला डीपी उडावी लागली!

आणि कुणी बाहेरगावाहून रिकाम्या हातांनी परत आले, तर हातांकडे पाहू नका. आधी ताट वाढा.